आणला डोळ्यांसमोर!

'पोटात कावळे ओरडतात' असं कुणी म्हणालं, म्हणून आपण त्याच्या पोटाला कान लावत नाही. 'डोळ्यांसमोर उभं राहणं' हाही असाच एक वाक्प्रचार, अशी माझी पासष्ट वर्षं समजूत होती. कारण डोळे मिटले, की मला अंधार दिसतो. बाकी काही नाही.

परवा घराला रंग काढायचा ठरला. ही म्हणाली, "अहो, या भिंतीला पिस्ता रंग आणि आपले निळे पडदे डोळ्यांसमोर आणा बरं."

संसारी माणसाच्या तत्परतेनं मी म्हणालो, "आणले."

"कसं दिसतंय?"

"छान!"

"काहीतरीच! भयंकर दिसतंय."

मी थक्क! "तुला खरंच दिसतंय?"

"म्हणजे? तुम्हाला दिसत नाही?"

चिरंजीवांनी लगेच मोबाइलवर शोध लावला. १८८० साली फ्रान्सिस गाल्टन या इंग्रज शास्त्रज्ञानं लोकांना विचारलं होतं, की सकाळचं न्याहारीचं टेबल आठवा, काय दिसतं? चांगले चांगले शास्त्रज्ञ म्हणाले, काहीच दिसत नाही! मनातलं चित्र ही नुसती बोलायची पद्धत, असंच तेही धरून चालले होते. या प्रकाराला 'अफँटेझिया' हे नाव मिळालं ते थेट २०१५ साली, अ‍ॅडम झेमन या डॉक्टरांकडून. हा आजार नव्हे म्हणे. माणसं अशीही असतात.

चला, शास्त्रज्ञांच्या पंक्तीला बसलो! पण रात्री राहवेना. हिला विचारलं, "तुला तुझी आई दिसते?"

"हो. मनात आणलं की दिसते."

मी गप्प झालो. माझी आई जाऊन वीस वर्षं झाली. तिचा चेहरा आठवायला जावं, तर अंधार. आपण आईला विसरलो, ही बोच मी इतकी वर्षं कुणाला सांगितली नव्हती. ती हिला सांगितली. डाव्या मनगटावर तिला तेलाचा डाग होता, हसताना ती पदर तोंडाला लावायची, मला हाक मारताना शेवटचं अक्षर लांबवायची, दिवे लागले की माझी वाट बघत उंबऱ्यात उभी राहायची... सांगता सांगता बराच वेळ गेला.

"विसरलेला माणूस इतकं सांगतो होय?" ही म्हणाली. मग डोळे पुसून म्हणाली, "रंगाचं मात्र मी बघते."

भिंत फिकट पिवळी झाली. छान दिसते. हे मात्र अगदी पाहून सांगतोय!