काकडी वावरातली, सातबारा सरकारचा

मालाड पूर्वेला स्टेशनबाहेर पावसाळ्यात आदिवासी बायका भाजी घेऊन बसतात. टाकळा, कुर्डू, कंटोळी, नंतर गावठी काकडी. परवा जुडी घेताना सहज विचारलं, "मावशी, सगळं जंगलातलं का?"

"टाकळा जंगलातला. काकडी आमच्या वावरातली."

वावर? मुंबईत? तर मावशी आरेतल्या एका पाड्यातल्या. सासऱ्याच्या बापापासून तेच शेत कसतात. मी विचारलं, सातबारा कुणाच्या नावावर? त्या हसल्या. "सातबारा सरकारचा. आमच्याकडं झोपडीचा पास हाय, ताई."

ते डोक्यातून जाईना, म्हणून लिहितेय.

'कसेल त्याची जमीन' आपण शाळेत वाचलं. 1 एप्रिल 1957, कृषक दिन, कुळं मालक झाली. हे कुणी फुकट दिलेलं नाही. 1945 मध्ये तलासरीजवळ झरी गावात वारली जमले आणि आता वेठबिगार करणार नाही म्हणाले. त्याच वर्षी तलवाड्याला पोलिसांच्या गोळीबारात पाच जण गेले. गोदावरी परुळेकरांचं 'जेव्हा माणूस जागा होतो' वाचलेल्यांना हे नवीन नाही.

पण कूळकायदा खाजगी मालकांच्या जमिनीला होता, सरकारी जमिनीला नाही. आरे दुग्ध वसाहत झाली 1949 ला. पाडे त्याच्या आधीचे. जमीन सरकारच्या नावावर, त्यामुळे इथले वारली कसत राहिले आणि कागदावर आलेच नाहीत.

मग 2006 चा वनहक्क कायदा आला. 13 डिसेंबर 2005 च्या आधीपासून वनजमीन कसणाऱ्या आदिवासीला, ताब्यात असेल तेवढी, जास्तीत जास्त 4 हेक्टर, त्याच्या हक्काची. पुरावा म्हणून म्हाताऱ्या माणसाचा लेखी जबाब चालतो. जुनी विहीर, स्मशान, देवाची जागा चालते. म्हणजे पाड्यावरचा वाघदेवसुद्धा पुरावा! मुंबईत ग्रामपंचायत नाही, मग ग्रामसभा कुठून आणायची, असं विचारणारे असतात. पण या कायद्यात वनातली जुनी वस्तीही गावच धरली आहे, सरकारदरबारी गाव म्हणून नोंद असो वा नसो. आणि 2020 मध्ये आरेतली 800 एकरांहून जास्त जागा राखीव वन करायचं सरकारनेच जाहीर केलं.

आता गंमत बघा. एकाच माणसाला एक कायदा आदिवासी शेतकरी म्हणतो आणि 4 हेक्टरपर्यंत जमीन देऊ करतो. दुसरा त्याला झोपडपट्टीवाला म्हणतो आणि इमारतीत 300 चौरस फुटांची खोली देतो. खोली वाईट नाही, माझं बालपण त्याहून लहान खोलीत गेलं. पण मावशी काकडी कुठे लावणार? पास स्वीकारला की शेतकरी म्हणून त्यांना कोण मोजणार?

2018 चा मार्च आठवा. नाशिकहून किसान सभेचा लाँग मार्च मुंबईत आला. बरेचसे आदिवासी, मुख्य मागण्यांतली एक वनजमिनीची. सोमवारी दहावीचा पेपर होता. मुलांचे हाल नकोत म्हणून थकलेली माणसं सोमय्या मैदानावरून रात्रीच उठून आझाद मैदानाकडे चालायला लागली. आपण पाणी दिलं, बिस्किटं दिली, फोटो टाकले. सरकारने वनहक्काचे दावे सहा महिन्यांत निकाली काढू म्हणून लेखी दिलं. आपण घरी गेलो.

पुढच्या वर्षी आरेतली झाडं तोडली तेव्हा आपण परत रस्त्यावर उतरलो, मीही होते. पण खरं सांगते, माझ्या हातातल्या फलकावर फक्त झाडं होती. त्या झाडांखाली राहणाऱ्यांचं नाव नव्हतं.

निवडणुकीत मतं मागायला येतील त्यांना एकच विचारा: वांद्र्याच्या उपनगर जिल्हाधिकारी कार्यालयात आपल्या भागातल्या पाड्यांचे किती वनहक्क दावे आलेत आणि किती निकाली निघाले? आकडा द्या म्हणावं.

पाड्यांवर कुणी काम करत असाल, दावे भरायला माणसं हवी असतील, तर कमेंटमध्ये लिहा. रविवारी मी मोकळी असते.