अर्धं गावठाणात, अर्धं गायरानात

तालुक्याच्या कोर्टात वकिली करताना गायरानाची फाईल मला लांबूनच ओळखू येते. ती जाड असते. वर घरपट्टीच्या पावत्या, मग वीजबिलं, रेशनकार्डाची झेरॉक्स, ग्रामसभेचा एखादा ठराव आणि अगदी तळाशी सातबारा. पक्षकार तो सगळ्यात शेवटी काढतो, कारण त्यावर ‘सरकार’ लिहिलेलं असतं. पंचायतीनं घरपट्टी घेतली म्हणजे जागा नावावर झाली, ही समजूत गावोगाव पक्की आहे. पावतीनं मालकी मिळत नाही असं सांगितलं की राग माझ्यावरच निघतो.

एका दूधवाल्याचं प्रकरण सांगतो. घर जुनं, मागं गोठा. इतकी वर्षं कुणाची हरकत नव्हती. सून ग्रामपंचायतीवर निवडून आली आणि हरलेल्या पॅनेलनं कलेक्टरकडे अर्ज टाकला. ग्रामपंचायत अधिनियमाच्या कलम १४ (१) (ज-३) प्रमाणे सरकारी जागेवर अतिक्रमण करणाऱ्याला सदस्य राहता येत नाही. ‘घर तर सासऱ्याचं, सुनेचा काय संबंध?’ असं मी म्हणू शकलो असतो. पण २०१८ साली जनाबाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं ती वाट बंद केली. घरच्या माणसानं केलेलं अतिक्रमण पुढं वापरत राहणारा सदस्यही अपात्र ठरतो. कायदा चांगला आहे, पण गावात तो आठवतो तो निवडणुकीच्या निकालानंतरच.

पाठोपाठ जमीन महसूल संहितेच्या कलम ५० ची तहसीलदारांची नोटीस आली. दूधवाले म्हणाले, “साहेब, दिवाणीत जाऊन मनाई आणा.” मनाई मागायची तर जागेवर हक्क काय, हा पहिला प्रश्न. त्याला आमच्याकडे उत्तर नव्हतं. म्हणून मी तहसीलदारांपुढं एकच मुद्दा लावून धरला: अतिक्रमण किती आहे ते मोजून सांगा. नोटिशीत नुसता गट नंबर होता. ना क्षेत्र, ना चतुःसीमा. घराचा गावठाणाच्या हद्दीशी काय संबंध, याबद्दल तर अक्षरही नव्हतं.

मोजणी लागली. भूकरमापक रोव्हर घेऊन आले, पण जुना हद्दीचा दगड काही सापडेना. शेवटी तो गोठ्यामागं शेणाच्या ढिगाखाली निघाला. तिथून त्यांनी चुन्याची फक्की ओढत आणली ती थेट स्वयंपाकघरात. रेघ ओट्याच्या मधोमध. पुढच्या दोन खोल्या गावठाणात, अर्धं स्वयंपाकघर आणि अख्खा गोठा गायरानात. म्हातारी आजी दारात उभी होती. म्हणाली, “म्हंजे चूल सरकारची आन् परात आमची?” पंचनामा लिहिणाऱ्या तलाठ्यांनाही हसू आवरलं नाही. आजी मात्र हसली नव्हती.

निकाल मोजणीप्रमाणे लागला. सुनेचं सदस्यत्व गेलं. तहसीलदारांच्या आदेशाविरुद्ध प्रांतांकडं केलेलं अपीलही फेटाळलं गेलं. यंत्र यायच्या आधीच दूधवाल्यांनी गोठ्याचे पत्रे, अँगल आणि मागचं दार स्वतः उतरवून घेतलं, म्हणून तेवढं सामान तरी वाचलं. पुढच्या दोन खोल्या आजही उभ्या आहेत. मोजणी न मागता नुसत्या पावत्या नाचवल्या असत्या, तर त्याही नोटिशीत गेल्या असत्या.

मी गायरानाच्या विरोधात नाही. २०११ साली जगपाल सिंग खटल्यात, पंजाबातल्या एका गावतळ्याच्या वादावर, सर्वोच्च न्यायालयानं गावाच्या सामाईक जमिनी मोकळ्या करायला सर्व राज्यांना सांगितलं, ते योग्यच होतं. मेंढपाळांना विचारा, चराई कुठं उरली आहे. पण ऑक्टोबर २०२२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर नोटिशांचा पाऊस पडला, तेव्हा त्या आधी पोचल्या पत्र्याच्या घरांना. गायरानातल्या मंगल कार्यालयाच्या कमानीवर कागद चिकटवताना मी कुणाला पाहिलं नाही.

आता पक्षकार येतात आणि म्हणतात, “सुप्रीम कोर्टानं बुलडोझर थांबवलाय ना?” १३ नोव्हेंबर २०२४ चा निकाल त्यांनी अर्धाच ऐकलेला असतो. बांधकाम पाडण्याआधी किमान पंधरा दिवसांची नोटीस, म्हणणं मांडायची संधी, कारवाईचं चित्रीकरण, हे सगळं त्यात आहे. पण रस्ता, पदपथ, रेल्वेमार्गालगतची जागा, नदी किंवा जलाशय इथल्या अनधिकृत बांधकामांना आणि न्यायालयानंच पाडायला सांगितलेल्या बांधकामांना तो लागू नाही, हेही त्यातच आहे. पंधरा दिवस मिळतात ते उत्तर द्यायला. तेवढ्यानं जागा आपली होत नाही.

तेव्हा नोटीस हाती पडली की ती कधी मिळाली ते तिच्यावरच लिहून ठेवा. मुदतीत लेखी उत्तर द्या, पोच घ्या आणि भूमिअभिलेखकडे मोजणीचे पैसे भरा. पुढाऱ्याला फोन त्यानंतर करा.