बारावा गडी

आमच्या बँकेच्या क्रिकेट टीमचा मी चौदा वर्षं बारावा गडी होतो. यात कमीपणा काही नाही. टीममध्ये एकूण बाराच जण होते. प्रतिपक्षाला पाणी पाजणं ही खेळातली अभिमानाची गोष्ट. मी आमच्याच माणसांना पाजत होतो, एवढाच फरक.

नोकरीतही तेच. साहेब रजेवर गेले की मी 'ऑफिशिएटिंग'. सोमवारी त्यांच्या खुर्चीवर बसून कडक आवाजात शिपायाला हाक मारायची आणि गुरुवारी त्याच शिपायाबरोबर चहाची वर्गणी काढायची.

त्यामुळे गेल्या आठवड्यात आमच्या चिरंजीवांनी शाळेतून येऊन दप्तर फेकलं आणि "मला बारावा ठेवलाय!" असं रडवेलं जाहीर केलं, तेव्हा मला घराण्याची परंपरा टिकल्यासारखं वाटलं. हिने मात्र माझ्याकडे असं पाहिलं, की जणू हा रोग माझ्याकडूनच लागला.

मी त्याला जवळ बसवून पद्माकर शिवलकरांची गोष्ट सांगितली. मुंबईचा डावखुरा फिरकी गोलंदाज. १९७२-७३ च्या रणजी फायनलमध्ये मद्रासला तमिळनाडूच्या आठ जणांना त्यांनी अवघ्या १६ धावांत गुंडाळलं. प्रथम श्रेणीत ५८९ बळी. पण कसोटी एकही नाही. कारण त्याच काळात बिशनसिंग बेदी नावाचा डावखुरा फिरकीवाला भारतासाठी खेळत होता, आणि त्याला रजा घ्यायची सवय नव्हती.

"म्हणजे शेवटपर्यंत नाहीच?"

"नाहीच."

चिरंजीवांचा चेहरा आणखी पडला. "अहो, मुलाला धीर देताय की सुतकात बसवताय?" स्वयंपाकघरातून आवाज आला.

मी घाईने अमोल मुजुमदारांकडे वळलो. १९८८ साली शाळेच्या सामन्यात तेंडुलकर आणि कांबळी यांनी ६६४ धावांची भागी केली, तेव्हा पुढचा नंबर यांचा. पॅड बांधून बसले ते बसलेच. पुढे रणजीतल्या पहिल्याच सामन्यात २६० धावा काढल्या, प्रथम श्रेणीत अकरा हजारांवर गेले, पण भारताकडून बोलावणं आलं नाही. आणि २ नोव्हेंबर २०२५ ला नवी मुंबईत आपल्या मुलींनी विश्वचषक जिंकला, तेव्हा त्यांचा प्रशिक्षक कोण? हेच!

"म्हणजे सदतीस वर्षं थांबायचं?" चिरंजीवांचं गणित माझ्यासारखंच पक्कं आहे.

यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. थांबलेल्या प्रत्येकाला काही मिळतंच असं नाही, हे मला खुर्ची-स्टूल करून ठाऊक होतं. पण पॅड सोडून घरी गेलेल्याला नक्कीच काही मिळत नाही. एवढंच सांगितलं आणि झोपलो.

सकाळी मनोरीहून मार्व्याला जाणाऱ्या फेरीबोटीत तो माझ्याशेजारी बसला होता. मांडीवर अख्खं किट.

"अरे, बाराव्याला बॅटिंग मिळत नाही. पॅड कशाला?"

"टॉसच्या आधी टीम बदलता येते, बाबा. कुणाला ताप आला तर?"

बोट खाडीच्या मध्यावर होती. मी हळूच डोळे मिटले आणि कुणा अनोळखी, निष्पाप पोराला थोडासा, फार नाही, नव्याण्णवपर्यंत ताप येऊ दे म्हणून नवस बोललो. देव क्षमा करो. चौदा वर्षांत स्वतःसाठी मात्र हे कधी सुचलं नव्हतं.