उंबरठा आणि भिकारी

'दृष्टी तशी सृष्टी' ही म्हण आपण सारेच सहजपणे वापरतो. ज्याचे मन जसे, तसे त्याला जग दिसते, एवढाच तिचा व्यवहारातला अर्थ. परंतु कुणी ती अक्षरशः खरी मानली तर? पाहणाऱ्याच्या पाहण्यातूनच वस्तू जन्म घेते आणि पाहणे थांबले की ती विरून जाते, असे खरोखरीच असते, तर त्या जगात माणसे कशी जगली असती? आपल्याकडे वेदान्तातील दृष्टिसृष्टिवादाने हा प्रश्न एका अंगाने हाताळला आहे. विसाव्या शतकात अर्जेंटिनाचे लेखक होर्हे लुईस बोर्हेस यांनी तो एका कथेतून मांडला. त्या कथेचा विचार आम्ही वाचकांसमवेत करू इच्छितो. कारण वरवर ती तत्त्वज्ञांची करमणूक वाटली, तरी तिच्या पोटात आपल्या श्रद्धेला भिडणारा एक प्रश्न दडलेला आहे.

'त्लोन, उक्बार, ऑर्बिस टर्शियस' हे कथेचे नाव. ती 1940 साली प्रसिद्ध झाली. विद्वानांचे एक गुप्त मंडळ पिढ्यान् पिढ्या खपून एक संपूर्ण ग्रह कल्पनेने रचते आणि त्याचा 40 खंडांचा ज्ञानकोश सिद्ध करते. तो ग्रह म्हणजे त्लोन. तेथील लोकांच्या मते जग हे वस्तूंचे बनलेले नाही. ते मनात एकामागून एक उमटणाऱ्या अनुभवांचे बनलेले आहे. त्यांच्या दक्षिण गोलार्धातील भाषांत नामेच नाहीत, केवळ क्रियापदे आहेत. 'चंद्र' हा शब्द तेथे नाही. चंद्राचे असणे एखाद्या क्रियेसारखे सांगावे लागते.

त्या ग्रहावर एक पाखंडी विचारवंत निर्माण होतो. तो एक साधे उदाहरण देतो. मंगळवारी एका माणसाची तांब्याची 9 नाणी निर्जन रस्त्यावर पडतात. गुरुवारी दुसऱ्याला तेथे 4 नाणी सापडतात. बुधवारच्या पावसाने ती थोडी गंजलेली असतात. शुक्रवारी तिसऱ्याला रस्त्यावर 3 मिळतात आणि उरलेली 2 पहिल्या माणसाला स्वतःच्याच घरात सापडतात. म्हणजे कोणी पाहत नसतानाही ती नाणी होतीच, असे त्याचे म्हणणे. आपल्या घरातील शाळकरी मूलही हे मान्य करील. त्लोनमध्ये मात्र हे उदाहरण भयंकर ठरते. 'हरवणे' आणि 'सापडणे' हे शब्द वापरणेच तेथील पंडितांना चुकीचे वाटते.

अशा जगात विस्मरण म्हणजे विनाश. ज्या वस्तूंचा लोकांना विसर पडतो, त्या पुसट होत जातात. बोर्हेस एका उंबरठ्याचे उदाहरण देतात. एक भिकारी तेथे येत असे, तोवर तो उंबरठा टिकून होता; भिकारी मेला आणि उंबरठा दिसेनासा झाला.

सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना जॉर्ज बर्क्ली यांच्या मताशी आमचा परिचय झाला होता. आयर्लंडमध्ये जन्मलेले, पुढे अँग्लिकन बिशप झालेले बर्क्ली 1710 सालच्या आपल्या ग्रंथात म्हणतात, की वस्तूचे असणे म्हणजे तिचे अनुभवले जाणे. मग खोलीत कोणी नसताना खोलीतील मेज कोठे जाते? कोठेही जात नाही, कारण परमेश्वराची दृष्टी तिच्यावरून कधी हटत नाही, असे बर्क्ली यांच्या विचारसरणीचे उत्तर. त्लोनने बर्क्ली घेतला, पण त्यांचा परमेश्वर वगळला. कथेत या ग्रहासाठी पैसा पुरवणारा धनिक गुलामगिरीचा पुरस्कर्ता आहे आणि त्याची एकच अट आहे : या कार्यात येशू ख्रिस्ताशी कोणतीही तडजोड होता कामा नये. बोर्हेस स्वतः अज्ञेयवादी होते. तरीही निखळ मानवी दृष्टीवर उभारलेल्या जगाची किंमत कोण मोजतो, हे त्यांनी अचूक हेरले. ती मोजतो ज्याच्याकडे कोणी पाहत नाही तो.

कथेच्या अखेरीस त्लोन आपल्या जगात शिरू लागतो आणि माणसे त्याला आनंदाने वश होतात. ज्यू-द्वेष आणि नाझीवाद यांनी माणसांना अशीच भुरळ घातली होती, असे निवेदक सुचवतो. माणसाने आखलेल्या सुबक चौकटीत जे बसत नाहीत, ते नाहीतच असे मानले जाते. आणि मग त्यांना नाहीसे करणे अवघड उरत नाही.

संत थॉमस अक्वायनस यांनी या प्रश्नाचा उलगडा फार शांतपणे केला आहे. त्यांच्या मते प्रत्येक वस्तू दोन बुद्धींच्या मध्ये उभी असते : एका बाजूला परमेश्वराची, दुसऱ्या बाजूला आपली. सुताराच्या मनातील आराखड्यावरून खुर्ची घडते, तशी परमेश्वराच्या ज्ञानातून सृष्टी घडते. आपली बुद्धी मात्र वस्तूला घडवीत नाही. वस्तूच आपल्या बुद्धीचे माप घेते. म्हणजे 'दृष्टी तशी सृष्टी' हे वचन एका दृष्टीपुरते अक्षरशः खरे आहे, आणि ती दृष्टी आपली नव्हे.

यात मोठा दिलासा आहे. वाळवंटात पळून गेलेली दासी हागार परमेश्वराला 'मला पाहणारा देव' असे नाव देते. तिला पाहणारे माणूस तेथे नव्हते, तरी ती पुसली गेली नाही. खुद्द बोर्हेस 1955 साली अर्जेंटिनाच्या राष्ट्रीय ग्रंथालयाचे संचालक झाले, तेव्हा त्यांची दृष्टी जवळजवळ गेली होती. त्यांना अक्षरे दिसत नव्हती. पुस्तके मात्र फळ्यांवर होतीच.

याच दिलाशात एक कठोर प्रश्नही आहे. लूकच्या शुभवर्तमानातही एक उंबरठा आहे आणि एक भिकारी आहे. श्रीमंताच्या दाराशी लाझरस पडून होता. श्रीमंताने त्याला मारले नाही, हाकललेही नाही. आपल्या घरात तो त्लोनचा नागरिक होऊन राहिला, एवढेच. आमच्या धर्मग्रामांतही असे लाझरस आहेत. बाप्तिस्म्याच्या नोंदवहीत त्यांची नावे आहेत. रविवारच्या मिस्सेला ती माणसे नाहीत. अंथरुणाला खिळलेली आजी, कर्जामुळे लोकांची नजर चुकवणारा बाप, लग्न मोडून माहेरी परतलेली मुलगी. आपण पाहिले नाही म्हणून ती नाहीशी होत नाहीत. परमेश्वराच्या दृष्टीने ती धरून ठेवलेली आहेत आणि आपल्या दारापाशीच आहेत.

पुसले जाते ते दुसरेच कोणीतरी. त्या दाखल्यात, ज्याच्याकडे कोणी पाहिले नाही त्या भिकाऱ्याला नाव आहे. लाझरस म्हणजे 'देव साहाय्य करतो'. गावाने ज्याला दररोज पाहिले, त्या श्रीमंताचे नाव मात्र प्रभू येशूने सांगितलेले नाही.