पांढरीचा पंचनामा

टेकाड. गावाच्या कडेला, नाहीतर थेट गावाखालीच. मातीचं घर पडायचं, त्याच ढिगावर नवं उभं राहायचं, आणि असं होता होता गाव वर चढत जायचं. गोदावरी, दुधना, पूर्णेच्या काठानं परभणी जिल्ह्यात अशी पांढरीची टेकाडं आहेत. काही ठिकाणी 'होती' म्हणावं लागेल. राख, शेण, भुसा, हाडं असं माणसामागं उरलेलं सगळं मुरून माती पांढुरकी झालेली. काळ्या शिवारात ती लांबून ओळखू येते. इंग्लंडच्या विल्टशर परगण्यात सिल्बरी नावाची टेकडी आहे. सुमारे साडेचार हजार वर्षांपूर्वी माणसांनी मुद्दाम रचलेली, उंची 40 मीटरच्या आसपास. ती पाहायला जगभरातून लोक जातात. आपली टेकाडं कुणी मुद्दाम रचली नाहीत, राहता राहता झाली. त्यामुळे त्यांना स्मारक म्हणायचं कुणाला सुचत नाही, आणि माती न्यायला कुणाला विचारावं लागेल असंही वाटत नाही.

पांढरी माती. माळवदाचा जीव हिच्यात. तुळया, त्यांवर किलचन म्हणजे आडवी लाकडं, त्यावर पाला आणि वर या मातीचा जाड थर. काळी माती उन्हाळ्यात भेगाळते, ही तशी फाटत नाही. म्हणून छताला हीच. गढ्यांच्या भिंतीही हिच्याच. गढी ढासळली की माती पुन्हा पांढरीत. मुद्दल गावातल्या गावात फिरत राहायचं. टोपल्यांनी माती नेणारी माणसं टेकाड संपवू शकली नाहीत; उलट दर पावसाळ्यात थोडी परत करत गेली. आता घरावर स्लॅब आहे. पांढरी ट्रॉलीत भरून शेतात खत म्हणून जाते, रस्त्याच्या भरावात जाते. खत म्हणून ती चांगली आहे यात वाद नाही, जुन्या वस्तीच्या मातीत स्फुरद मुरलेलं असतं. पण शेतात पसरलेली पांढरी पुन्हा टेकाडावर येत नाही. सिमेंटचं घर पाडलं तर त्याचा राडारोडा डंपरनं गावाबाहेर जातो. या जिल्ह्यातल्या गावांची उंची वाढणं आता थांबलं आहे.

खापरं. आतून काळी, बाहेरून तांबडी. भांडं भट्टीत पालथं ठेवायचं. आत हवा पोचत नाही तो भाग काळा होतो, बाहेरचा लाल. सातवाहनांच्या काळच्या आणि त्याआधीच्याही वस्त्यांत ही सापडतात. फाळाला आडवी येतात म्हणून बांधावर फेकली जातात. बांध हल्ली कोरून कोरून टीचभर उरलेत.

मणी. पहिल्या मोठ्या पावसानंतर पांढरीवर उघडे पडतात. अकीक, काच, शंख. पोरं वेचतात, हरवतात.

गोट्यांचा थर. 1863 साली रॉबर्ट ब्रूस फूट यांना मद्रासजवळ पल्लावरमला दगडी हत्यार सापडलं. त्यानंतर दोनच वर्षांनी वाइन नावाच्या भूशास्त्रज्ञाला पैठणजवळ मुंगीला गोदावरीच्या थरात अकिकाची एक कपची मिळाली. भारतातल्या अश्मयुगाच्या अगदी पहिल्या नोंदींपैकी ही एक, आणि नदी आपलीच. मुंगीपासून खाली आलं की पाथरी तालुक्यात ढालेगाव लागतं. आज ते बंधाऱ्यामुळे माहीत आहे; अभ्यासकांना मात्र काठातून निघालेल्या प्राण्यांच्या अश्मीभूत हाडांमुळे. गोदेच्या खोऱ्यात एके काळी हत्ती होते, पाणघोडे होते. ही हाडं आणि हत्यारं वाळूत नसतात, जुन्या काठातल्या चुनखडीनं घट्ट धरलेल्या गोट्यांत असतात. वाळूचा हिशोब ब्रासवर होतो, लिलाव होतो, चोरी झाली तर गुन्हा दाखल होतो. हायवा उतरवायला काठ फोडून जी वाट करतात, तिच्यात गेलेल्या गोट्यांचा हिशोब कुठल्याच पावतीवर नसतो.

वीरगळ. खाली लढाई, मधे अप्सरांनी उचलून नेलेला वीर, वर शिवलिंगापुढं हात जोडून बसलेला, कडेला चंद्र-सूर्य. मारुतीच्या पारावर टेकवलेले असतात. जीर्णोद्धार झाला, फरशी बसली, की यांना जागा उरत नाही. शेंदराबद्दल माझी तक्रार नाही. शेंदराची खोळ कधीतरी गळून पडते आणि आतला दगड शाबूत निघतो. ऑइल पेंट मात्र रेघ न् रेघ बुजवतो, आणि तो काढायला कुणीतरी ग्राइंडर आणतो. मग वीर कायमचा गेला.

घडीव दगड. चारठाणा, धारासूर ही नावं पुस्तकांत येतात, कारण तिथं कोरीव देवळं उभी आहेत. पडलेल्या देवळांचे दगड लोकांच्या जोत्यांत, गोठ्यांत आहेत. विल्टशरमध्येच एव्हबरी म्हणून गाव आहे. तिथल्या लोकांनी सतराव्या-अठराव्या शतकात अश्मवर्तुळातले प्रचंड दगड तापवून, वर गार पाणी ओतून फोडले आणि घरं बांधली. तेव्हा आपल्याच माणसांवर एवढं रागवायला नको.

ताम्रपट. परभणीचा. शके 888, म्हणजे इ. स. 966. वेमुलवाडच्या चालुक्यांपैकी तिसऱ्या अरिकेसरीनं आपल्या बापानं बांधलेल्या जिनालयासाठी एक गाव दान दिलं. दान घेणारे आचार्य सोमदेवसूरी, 'यशस्तिलक' लिहिणारे. मंदिर आजच्या तेलंगणात, पत्रे निघाले इकडं. हे वाचले, छापले गेले. तांब्याला मोडीत भाव कायम असतो. दहा रुपयांहून जास्त किमतीचं भूमिगत धन सापडलं तर जिल्हाधिकाऱ्याला कळवा, असं 1878 चा कायदा सांगतो. दहा रुपयांचा आकडा तेव्हाचा.

बारवा. या यादीत उलटी वाट धरलेली हीच एक बाब. नळ आणि बोअर आल्यावर त्यांत गाळ, कचरा, जुनी निर्माल्यं भरली. मग सेलू तालुक्यात वालूरला गावकऱ्यांनी गाळ उपसला, तेव्हा गोल फिरत खाली उतरणाऱ्या पायऱ्या बाहेर आल्या. अशी रचना फार थोड्या ठिकाणी दिसते. पिंगळीच्या देवळाजवळची बारवही लोकांना पुन्हा दिसू लागली. टपाल खात्यानं बारवांची चित्रं पोस्टकार्डांवर छापली, त्यांत परभणी जिल्हा ठळक आहे. बारव वाचते, कारण ती साफ केली की लगेच सुंदर दिसते आणि फोटो चांगला येतो. टेकाड कितीही राखलं तरी टेकाडच दिसणार.

बेचिराख गावं. दुष्काळानं, पटकीनं, दंग्यानं उठलेली. माणसं गेली, तरी मौजे म्हणून नाव महसुली कागदात राहिलं, शिवाराचं नाव म्हणून सातबाऱ्यावर राहिलं. जागेवर गेलं तर कधी एक मारुती असतो, कधी नुसती पांढुरकी माती आणि त्यात हरभरा. तलाठ्यांच्या दप्तरांतली ही नावं एका ठिकाणी उतरवून घेतली, गट नंबर लिहिले आणि एकदा पायी फिरून खापरं कुठं दिसतात याची खूण केली, तर जुन्या वस्त्यांचा बराचसा नकाशा एकही खड्डा न खणता तयार होईल. उन्हाळ्यात, नांगरट झाल्यावर, जमीन उघडी असताना हे काम सोपं असतं. जेसीबीही त्याच दिवसांत मोकळे असतात.