तीनशे तासांचा संसार

नवराबायकोचं भांडण पाहुणे गेल्यावर करायचं, हा आपल्याकडचा अलिखित कायदा. पाहुणा हलेना तर भांडण तुंबतं आणि आमटीत मीठ जास्त पडतं. अमेरिकेत कॅलिफोर्नियातल्या सांता बार्बरा गावी लाउड नावाच्या कुटुंबाकडे १९७१ साली असेच पाहुणे आले, ते सात महिने येतच राहिले. तेही कॅमेरा घेऊन!

लाउड म्हणजे मोठ्ठ्या आवाजाचे. (आपल्याकडे गोडबोले असतात, त्यातले सगळेच काही गोड बोलत नाहीत.) बिल लाउड यांचा खाणीतल्या यंत्रांचे सुटे भाग विकण्याचा धंदा, पत्नी पॅट, पाच मुलं, दारी पोहण्याचा तलाव. एकूण सुखवस्तू मंडळी. निर्माते क्रेग गिल्बर्ट यांनी त्यांच्या संसाराचं तीनशे तास चित्रण केलं आणि १९७३ साली 'ॲन अमेरिकन फॅमिली' नावाने त्याचे बारा भाग दाखवले. नट नाहीत, संवाद लिहिलेले नाहीत. आज वाहिन्यांवर माणसं घरात कोंडून दाखवतात, त्या सगळ्या गोंधळाचं हे मूळ पुरुष.

आता गंमत पाहा. सात महिन्यांत या घरात संसार मोडला. बिलसाहेब फिरतीवरून परतले, तर पॅटबाईंनी त्यांच्या हाती वकिलाचं कार्ड ठेवलं. आदळआपट नाही, भांडी फेकणं नाही. लाउड घराण्यातली सर्वांत मोठी गोष्ट सर्वांत हळू आवाजात झाली, आणि सुमारे एक कोटी लोकांनी ती ऐकली!

मग काय विचारता! मार्गारेट मीडसारख्या नामवंत मानववंशशास्त्रज्ञ बाईंनी या प्रकाराची तुलना नाटकाच्या नि कादंबरीच्या शोधाशी केली. पण बाकीच्यांनी लाउड मंडळींना पोकळ, चंगळखोर ठरवून टाकलं. बिचारे टीव्हीवरच्या मुलाखतींतून सांगत फिरले, 'अहो, आम्ही एवढेच नाही हो!'

इथे माझ्यातला कारकून जागा होतो. तीनशे तासांतले बारा म्हणजे शेकडा चार. एकेकाळी सेव्हिंग्ज खात्यावर मिळायचं तेवढं व्याज! उरलेले दोनशे अठ्ठ्याऐंशी तास कुठे गेले? त्यांत काय असणार, हे कुठल्याही संसारी माणसाने सांगावं. किल्ल्या शोधणं, दूध संपलं म्हणून ओरडणं, कोणाला तरी ताप, कोणाची तरी परीक्षा. ते कोण बघणार? पासबुकातल्या फक्त काढलेल्या रकमा वाचून दाखवल्या तर टाटा-बिर्लासुद्धा भिकारी वाटतील.

आपल्या मुंबईत टीव्ही आला तो २ ऑक्टोबर १९७२ रोजी. म्हणजे तिकडे लाउडांचा संसार पडद्यावर आला तेव्हा इकडे माणसं शेजाऱ्याकडे जमिनीवर बसून टीव्ही बघायला शिकत होती. एक डोळा पडद्यावर, दुसरा शेजाऱ्याच्या स्वयंपाकघरावर. चाळीत लाकडी फळीपलीकडचं भांडण ऐकू यायचंच. पण ज्या काकूंनी रात्री भांडण ऐकलं, त्याच सकाळी काढ्याचा वास आला की विचारायच्या, 'भाऊंना बरं नाही वाटतं?' काकूंकडे पुरे तीनशे तास होते. एक कोटी प्रेक्षकांकडे बारा.

त्या बारांतलाही एक भाग मला फार आवडतो. थोरला मुलगा लान्स न्यूयॉर्कच्या चेल्सी हॉटेलात राहत होता. आपण समलिंगी आहोत हे त्याने कॅमेऱ्यापासून लपवलं नाही, आणि ते १९७३ साली! आई त्याला भेटायला गेली. भाषण नाही, रडारड नाही. त्याच्या विचित्र दोस्तमंडळींत जरा अवघडून बसली, त्याच्याबरोबर हिंडली. आयांचं असंच असतं. काही कळो न कळो, पोरगा नीट जेवतोय ना एवढं बघून घ्यायचं.

हाच लान्स २००१ साली पन्नाशीत गेला. आईबापांनी पुन्हा एकत्र राहावं, अशी त्याची इच्छा होती. पॅटबाई पंचाहत्तरीच्या, बिलसाहेब ऐंशीचे. घटस्फोट घेतलेली ही दोन म्हातारी माणसं पुन्हा एका घरात राहायला लागली. पुढे बिल २०१८ साली गेले, पॅट २०२१ साली. मधल्या वर्षांत सकाळचा चहा कोण करत होतं, किल्ल्या कोण हरवत होतं, याची नोंद कोणापाशी असलीच तर शेजारच्या काकूंपाशी असेल. तिकडे काकू असतात की नाही, देव जाणे.