पाचाचे तीन झाले असते

त्या रविवारी संध्याकाळी कामशेतच्या घरी ओटीवर आर्टिक्युलेटर मांडून बसले होते. आर्टिक्युलेटर म्हणजे मागे बिजागरी असलेली धातूची चौकट. रुग्णाच्या वरच्या आणि खालच्या दातांची मॉडेल्स तिच्यावर प्लास्टरने बसवतात, मग तोंड उघडल्या-मिटल्यासारखी ती उघडते, मिटते. मुखशल्यचिकित्सेच्या पीजीला येऊन मला चारच महिने झाले होते आणि आयुष्यातली पहिली सर्जिकल स्प्लिंट मी केली होती. ती सोमवारी सरांना दाखवायची होती.

आप्पा कामावरून आले. ते सेंट्रिंगचं काम करतात. गेल्या वीस वर्षांत आमच्या भागात जे बंगले उठले, त्यांतल्या कित्येकांच्या स्लॅबखाली त्यांच्या फळ्या लागल्या आहेत. हातपाय धुऊन ते शेजारी टेकले.

"कुणाचे दात?"

"पेशंटचे. आपल्या नाणे मावळातलाच आहे. जबड्याचं ऑपरेशन आहे त्याचं."

"आणि मधली ही गुलाबी पट्टी?"

"कापलेला जबडा नेमका कुठे बसवायचा, ते ही स्प्लिंट ठरवते. जबडा प्लेट-स्क्रूने पक्का झाला की काढून टाकायची."

"म्हणजे सेंट्रिंगच की," आप्पा म्हणाले. पट्टी हातात घेऊन त्यांनी उजेडात धरली आणि विचारलं, "लेव्हल कशाला धरून घेतलीस?"

मी म्हटलं, "फेसबो घेतला होता ना." वरचा जबडा कानांच्या हिशेबाने कुठे आहे, ते फेसबो उचलतो. माझ्या मते हे उत्तर पुरेसं होतं.

तो मुलगा बावीस वर्षांचा. खालचा जबडा पुढे, वरचा मागे, आणि समोरचे दात उलटे, म्हणजे खालचे वरच्यांच्या पुढे. घास पुढच्या दातांनी तोडता येत नाही म्हणून भाकरी बाजूच्या दातांनी तोडायची, हे त्याला लहानपणापासून सवयीचं. वर्षभराहून अधिक काळ त्याच्या दातांना तारा लावलेल्या होत्या. तारांनी दात हाडावर सरळ उभे केले, तसा जबड्यांमधला खरा फरक उघडा पडला आणि चेहरा आधीपेक्षा जास्तच वाईट दिसायला लागला. त्याची आई मला म्हणाली होती, "ताई, बरं करायला आणला आणि बिघडत चाललाय." असंच होतं, हे पुस्तकात वाचलेलं होतं, पण तिच्यासमोर ते सांगताना माझा आवाज खाली गेला होता.

बेत असा ठरला होता: वरचा जबडा पाच मिलिमीटर पुढे, खालचा चार मिलिमीटर मागे. वरचा जबडा नाकाच्या तळाशी आडवा कापून सुटा करतात. या छेदाला ल फोर्ट यांचं नाव आहे. या फ्रेंच शल्यविशारदाने 1901 साली मृतदेहांच्या चेहऱ्यांवर आघात करून हाडं कुठल्या रेषांवर तुटतात ते तपासलं होतं. अपघातात जिथे तुटतं, तिथेच आज आम्ही मुद्दाम कापतो. खालचा जबडा मात्र दोन्ही बाजूंना उभा चिरून, एकावर एक सरकणाऱ्या दोन फळ्यांसारखा वेगळा करतात. ही पद्धत झुरिकच्या ओब्वेगेसर यांनी 1950 च्या दशकात रूढ केली. चीर देताना ओठाला जाणीव देणारी नस मधूनच जाते, ती सांभाळायची असते.

माझा गोंधळ स्प्लिंट दोन का लागतात, यावर होता. शेवटी दात कुठे जुळायचे ते माहीत आहे, मग शेवटची एकच केली तर काय बिघडलं? सीनियर ताईंनी दोनदा समजावलं, मी दोनदा मान डोलावली. कळलं ते प्लास्टर करवतीने कापताना. वरचं मॉडेल तळापासून सुटं केलं, आधी मारून ठेवलेल्या रेषा बघत पाच मिलिमीटर पुढे सरकवलं, मेणाने चिकटवलं. आता हा तुकडा कशाच्या आधाराने तिथे आहे? दोन्ही जबडे एकदम सुटे केले, तर टेकू म्हणून काहीच उरत नाही. म्हणून आधी वरचा कापायचा आणि न कापलेल्या खालच्या जबड्याच्या आधाराने नव्या जागी बसवायचा. त्यासाठी मधली स्प्लिंट. मग वरचा पक्का झाला की त्याच्या आधाराने खालचा. त्यासाठी शेवटची. ऐन वेळी अदलाबदल होऊ नये म्हणून आमच्याकडे मधली गुलाबी करतात आणि शेवटची पारदर्शक.

मॉडेल्सना सेपरेटिंग मीडियम लावलं, पावडर आणि मोनोमर कालवून कणकेसारखा गोळा झाल्यावर तो दातांवर थापला, आर्टिक्युलेटर मिटलं. मोनोमरचा वास दोन दिवस बोटांना होता. कडा घासल्या, तारा ओवायला भोकं पाडली. दोन्ही बाजूंच्या दातांच्या खाचा तिच्यात स्वच्छ उमटल्या होत्या. मॉडेलवर ती जराही हलत नव्हती.

सोमवारी सकाळची लोकल पकडून पोचले. सरांनी स्प्लिंट पाहिली, बाजूला ठेवली आणि विचारलं, "खालचा जबडा कुठे होता, बाईट घेतलास तेव्हा?"

मला प्रश्नच समजला नाही. जबडा कुठे असणार?

सरांनी मुलाला खुर्चीत आडवं केलं. हनुवटी अंगठ्याने हलकेच धरली, जबडा सैल सोडायला सांगितलं आणि स्वतःच वर-खाली करत मिटवला. बाजूचे काही दातच आधी एकमेकांवर टेकले. "आता नेहमीसारखं चाव." जबडा सुळकन पुढे सरकला आणि खालचे दात वरच्यांच्या आणखी पुढे गेले. सरक दोन मिलिमीटरची होती. ते दात आधी अडतात म्हणून हा मुलगा रोज, प्रत्येक घासाला, जबडा पुढे ढकलून चावत होता. बाईट घेताना मी मेणाची पट्टी तोंडात देऊन "चाव" म्हटलं होतं. तो नेहमीसारखा चावला होता.

पुढचा हिशेब सरांनी माझ्याकडून कागदावर करून घेतला. माझ्या आर्टिक्युलेटरवर खालचा जबडा खऱ्या जागेपेक्षा दोन मिलिमीटर पुढे बसला होता. भूल दिल्यावर स्नायू सैल पडतात, सर्जन जबड्याचं डोकं, म्हणजे कॉन्डाइल, त्याच्या खोबणीत नीट बसवतो. खालचा जबडा दोन मिलिमीटर मागे जातो. वरचा जबडा स्प्लिंटने त्यालाच बांधलेला, तोही दोन मिलिमीटर मागे जातो. पाच मिलिमीटर पुढे यायचा जबडा तीनच आला असता आणि तिथे प्लेटांनी पक्का झाला असता.

मला सर्वांत हादरवलं ते पुढचं. तेव्हाही माझी स्प्लिंट दातांवर चपखलच बसली असती. दातांच्या खाचा दातांना जुळतात, कारण त्या त्यांच्यावरूनच उमटलेल्या असतात. जबडा कवटीच्या कुठल्या जागी आहे, हे त्या खाचांना कसं कळणार? फेसबोने वरच्या जबड्याचं कानाशी असलेलं नातं मी अचूक उचललं होतं. खालच्याचं नातं त्या मेणाच्या पट्टीत होतं, आणि तिथेच मी चुकले होते. आप्पांनी आदल्या संध्याकाळी नेमकं हेच विचारलं होतं.

मला वाटलं होतं की कॉम्प्युटरवर नियोजन केलं तर असली चूक होणारच नाही. आता मोठ्या ठिकाणी सीटी स्कॅन आणि दातांचं स्कॅन एकत्र करून पडद्यावर हाडं कापतात आणि स्प्लिंट थ्री-डी प्रिंटरवर छापतात. मोजमाप बारीक होतं, करवतीची आणि मेणाची चूक जाते. पण सीटी काढताना रुग्णाने जबडा पुढे सरकवून चावलेला असेल, तर पडद्यावरही माझीच चूक, फक्त दशांशात.

बाईट पुन्हा घेतला. तीनदा घेतला आणि तीनही जुळतात का ते पाहिलं. आर्टिक्युलेटरवर पहिला स्पर्श ज्या दातांचा, तोंडातही त्यांचाच आहे ना, हे तपासलं. मॉडेल नव्याने बसवलं, पुन्हा कापलं, दोन्ही स्प्लिंट नव्याने केल्या. त्या ऑटोक्लेव्हमध्ये टाकायच्या नसतात, उष्णतेने ॲक्रिलिक वाकतं. जंतुनाशक द्रावणात बुडवून मग सलाइनने खळखळून धुवायच्या, हे काम माझ्याकडेच होतं.

शस्त्रक्रियेच्या दिवशी मी रिट्रॅक्टर धरून उभी होते. वरचा जबडा सुटा झाला, गुलाबी स्प्लिंट तारांनी बांधली आणि दोन्ही जबडे मिळून एक तुकडा झाला. मग सरांनी कॅलिपर मागितलं. नाकाच्या मुळाशी आधी बसवलेल्या पिनेपासून पुढच्या दाताच्या तारेपर्यंतचं अंतर मोजलं, कॉन्डाइलनी खोबण धरली आहे का ते हनुवटीखाली हात देऊन पाहिलं, पुन्हा मोजलं. मागे-पुढे आणि डावं-उजवं स्प्लिंट सांगते, पण जबडा वर किती, खाली किती, ते तिला सांगता येत नाही. ते दर वेळी बाहेरूनच मोजावं लागतं. वर चार प्लेट लागल्या. गुलाबी निघाली, खालचा जबडा चिरला, पारदर्शक बसली, स्क्रू लागले. तारा सोडून सरांनी एका बोटाने जबडा मिटवला. दात स्प्लिंटच्या खाचांत आपोआप जाऊन बसले. ते पुढे किंवा मागे पडले असते, तर स्क्रू काढून पुन्हा सगळं करावं लागलं असतं.

सहा आठवडे तो पातळ जेवणावर होता. घरच्या इंद्रायणी तांदळाची पेज गाळून, मीठ-तूप घालून, असं त्याची आई सांगायची. नंतरच्या एक्स-रेवर मी स्वतः मोजलं. वरचा जबडा पाच मिलिमीटर पुढे आला होता.

तुमच्या घरात कुणाची अशी शस्त्रक्रिया ठरली असेल, तर एवढं त्यांना सांगा. बाईट घेताना डॉक्टर हनुवटी धरतील, तेव्हा दात जुळवून दाखवायचा प्रयत्न करू नका. जबडा सैल सोडा, डॉक्टरांना मिटवू द्या. आणि त्यांनी दुसऱ्यांदा, तिसऱ्यांदा घ्यायचा म्हटलं, तर कंटाळू नका.